टटलची अर्धी मिशी

१

ॲम्ब्रोज टटलची मिशी गुरुवारी दुपारी, जेवणाच्या सुट्टीत, अर्धी झाली. डावी बाजू कुणीतरी मुळापासून कापली होती आणि ते केस आरशाखालच्या टेबलावर, पावडरच्या डब्याशेजारी ढीग होऊन पडले होते. उजवी बाजू होती तशीच हनुवटीपर्यंत लोंबत होती. दोन्ही गेल्या असत्या तर माणूस नुसता वेगळा दिसला असता. एक राहिल्यामुळे तो चोरी झालेल्या दुकानासारखा दिसत होता.

कपडेपटातली बाई काहीतरी विचारायला आली आणि ते ध्यान पाहून तिनं किंकाळी फोडली. हां हां म्हणता कॉरोनेट स्टुडिओतली निम्मी माणसं दारात जमली. वेंडेल प्राउटी सगळ्यांत शेवटी आला. अंगात इन्स्पेक्टरचा फिका निळा शर्ट, सैल केलेला टाय, कॉलरला पावडर लागू नये म्हणून खोचलेला कागदी रुमाल. टाचा उंचावून त्यानं आत डोकावलं. ॲम्ब्रोज खुर्चीत बसला होता. त्याचा काळा मखमली कोट नुकताच ब्रश फिरवल्यासारखा स्वच्छ होता आणि वर ते तोंड.

खरं सांगायचं तर वेंडेलला आधी आनंदाची उकळी फुटली. लगेच लाजही वाटली, पण आनंद आधी आला होता हे त्याला स्वतःपासून लपवता येईना.

हॉलिवूडमध्ये चेहरा हेच दुकान. नायक-नायिकांच्या चेहऱ्यांची दुकानं दहा वर्षांत बंद पडतात. ॲम्ब्रोजसारख्यांची म्हातारपणापर्यंत चालतात. घरंदाज नोकर, चिडका न्यायाधीश, श्रीमंत मामा, बँकेचा मॅनेजर, सगळे तोच करायचा आणि सगळ्यांना तीच मिशी असायची. लोकांना त्याचं नाव ठाऊक नव्हतं, पण तो पडद्यावर आला की "आला बघ मिशीवाला" म्हणून खुशीत सावरून बसायचे. वेंडेलही त्याच्याइतकीच वर्षं पोलीस इन्स्पेक्टर करत होता, नेहमी चुकीच्या माणसाला पकडणारा. रस्त्यात लोक त्याच्याकडे बघायचे आणि हा आपल्या ट्रॅमचा कंडक्टर का, म्हणून विचारात पडायचे.

दिग्दर्शक ग्रूबर गर्दी सारत आत आला. हा मूळचा व्हिएन्नाचा, रागावला की कुजबुजत बोलायचा. शनिवारी ॲम्ब्रोजचा एकुलता एक प्रसंग घ्यायचा होता. आपल्या चुकीच्या दिव्यामुळे गाडी घसरली, असं इन्स्पेक्टरपुढे येऊन कबूल करणारा म्हातारा सिग्नलवाला. कॅमेरा थेट नाकाशी येणार होता, म्हणून ग्रूबरनं महिनाभर आधीच बजावलं होतं की गोंदानं चिकटवलेला एक केसही आपल्याला चालणार नाही. देवानं लावलेली मिशी हवी. आता तो अर्ध्या मिशीकडे बघत काहीतरी कुजबुजला. जर्मन येणाऱ्यांनी माना खाली घातल्या.

मग स्टुडिओचे मालक हॅडॉक आले. त्यांनी ॲम्ब्रोजला विचारलं की काय झालं.

"डुलकी लागली होती, राजा," ॲम्ब्रोज म्हणाला. अलीकडे तो सगळ्यांनाच राजा म्हणायचा, मालकांनासुद्धा. "ओठाला गार लागलं. डोळे उघडले तर कुणीतरी दारातून बाहेर चाललेलं. बाही तेवढी दिसली. पांढरीशुभ्र, डोळे दिपावेत अशी."

हॅडॉक रोज सकाळी आपल्या छोट्या थिएटरात बसून आदल्या दिवसाची फिल्म बघत. सेटवर ते फिरकत नसत. त्यांनी तिथल्या तिथे हिशेब केला. या चित्रपटात पांढऱ्या बाह्यांची माणसं दोन, डॉक्टर झालेला नायक आणि इन्स्पेक्टर. तिसरा पांढरा कोट रंगभूषाकाराचा.

"सुट्टीत तुम्ही कुठे होता, प्राउटी?" त्यांनी विचारलं.

वेंडेलनं कॉलरचा कागदी रुमाल काढून खिशात घातला.

२

तो होता रेल्वे स्टेशनच्या मागे. पुठ्ठ्याच्या त्या स्टेशनामागे एक रिकामी जागा होती. तिथे रोज जेवण टाकून तो ॲम्ब्रोजची वाक्यं म्हणायचा. हे सांगायचं कसं?

"दिवा मी हिरवा दाखवला, साहेब. याच हातानं." मग थांबायचं. मग, "आता या हाताचं काय करू, तेवढं सांगा."

त्या थांबण्यानं वेंडेलची झोप उडवली होती. तालमी ग्रूबरच्या कचेरीत, घरच्याच कपड्यांत व्हायच्या. ॲम्ब्रोज 'याच हातानं' म्हणायचा आणि गप्प व्हायचा. नजर भिंतीवरून फिरायची, ओठ अर्धवट हलायचे, जणू माणूस आतल्या आत चाचपडतोय. बाहेर टाइप करणारी बाई थांबायची. शेवटी वाक्य यायचं तेव्हा वेंडेलच्या अंगावर काटा यायचा आणि लगोलग पोटात दुखायला लागायचं. घरी दाढीच्या आरशासमोर त्यानं तसं थांबून पाहिलं होतं. आरशात फक्त थांबलेला वेंडेल दिसला.

हे दुखणं आजचं नव्हतं. टोलेडोच्या नाटकगृहात दोघं जोडीनं विनोदी कार्यक्रम करायचे, तेव्हापासूनचं. वेंडेल प्रश्न विचारायचा, ॲम्ब्रोज उत्तर द्यायचा, हशा उत्तराला यायचा. प्रश्न नसता तर उत्तर कुठून आलं असतं, हे प्रेक्षकांना कधी सुचलं नाही. पुढे दोघं हॉलिवूडला आले, तिथेही तेच. या सिग्नलवाल्याच्या प्रसंगात तर वेंडेलची कॅमेऱ्याकडे पाठ होती आणि त्याला शब्द होते दोन, "बोला" आणि "पुढे".

"एकटाच होतो," तो शेवटी म्हणाला. "वारा खात."

कुणाचा विश्वास बसला नाही. बसावा कसा? त्याच्या चेहऱ्यावर चोर लिहिलेला होता. कापलं कुणीही असो, अशी इच्छा आपण कितीदा केली होती ते वेंडेलला पक्कं आठवत होतं आणि मनातल्या चोराला घाबरून तो घामाघूम झाला होता. त्या घाईत स्वतःच्या बाहीकडे बघायचंही त्याला सुचलं नाही.

तेवढ्यात ग्रूबरनं कुजबुजत विचारलं की टटल नाही तर सिग्नलवाला करणार कोण, ही चार पानं परवापर्यंत पाठ करणारा माणूस आणायचा कुठून. मग मागून मिस क्विगली बोलल्या. सेटवर कोण काय बोलतो, कुठे उभा राहतो यावर डोळ्यांत तेल घालून लक्ष ठेवणं हेच त्यांचं काम होतं.

"प्राउटींना सगळं पाठ आहे," त्या म्हणाल्या. "तालमीत मिस्टर टटल बोलतात तेव्हा यांचे ओठ हलत असतात."

आयत्या बिळावर नागोबा. हे कुणी तोंडानं म्हटलं नाही, पण सगळ्यांच्या माना एकदम वेंडेलकडे वळल्या.

हॅडॉकनी सिगार पेटवला. "इतकी वर्षं चुकीचा चोर पकडत आलात," ते म्हणाले. "आता एकदा बरोबर पकडून दाखवा. उद्या संध्याकाळपर्यंत माणूस आणा, नाहीतर परवापासून येऊ नका. आणि इथून काढलेल्याला या गावात दुसरा कोणी दारात उभं करत नाही, हे तुम्हाला ठाऊक आहे."

३

नायक रेक्स डॅनफर्थ आपल्या खोलीत मालीश करून घेत होता. अंगात डॉक्टरचा लोण्याच्या रंगाचा कोट, त्यावर कॉफीचा ताजा डाग. वेंडेलनं इन्स्पेक्टरसारखंच दार वाजवलं. दुसरं कसं वाजवतात ते तो विसरला होता.

रेक्सनं आधी उडवाउडवी केली. मग मालीशवाल्याला बाहेर घालवलं आणि घडाघडा बोलू लागला. चित्रपट त्याचा, भिंतीवरच्या जाहिरातीत चेहरा त्याचा, आणि ग्रूबर रोज गुण गाणार त्या मिशीवाल्याचे. हा प्रसंग कापा म्हणून त्यानं दोनदा सांगितलं होतं.

"पण कात्री घेऊन मी कशाला जाऊ?" तो म्हणाला. "मिशी कापून त्याचं रडणं थोडंच माझ्याकडे येणार आहे?"

"सुट्टीत होतास कुठे?"

रेक्सचे कान लाल झाले. त्यानं खिशातून अर्धा कापलेला कांदा काढला. टटलच्या डोळ्यांत तालमीतसुद्धा पाणी येतं, असं त्यानं ऐकलं होतं. शेवटच्या प्रसंगात आपल्याही डोळ्यांत यावं म्हणून तो मालसामानाच्या कोठीत बसून सराव करत होता. कोठीवाल्यानं पाहिलं होतं आणि वाट्टेल ती शपथ घेऊन सांगेल, पण हे बाहेर पडलं तर आपली छी-थू होईल, म्हणून तो गप्प होता.

वेंडेलला त्याची कीव आली. हा देखणा, तरणाबांड मुलगाही आपल्याच पंगतीत बसलेला, हे पाहून जरा बरंही वाटलं.

रंगभूषाकार फेरेंत्स पांढऱ्या कोटाच्या बाह्या कोपराच्या वर दुमडून एका लाकडी कवटीवर टोपाचे केस ओवत होता. हा हंगेरीचा माणूस. त्यानं लावलेली दाढी ओढून पाहिल्याशिवाय खोटी आहे हे कळायचं नाही. मिशीचं नाव काढताच त्यानं सुई खाली ठेवली.

"देवानं लावलेली मिशी," तो म्हणाला. "तीस वर्षं मी केस लावतोय, प्राउटी. माझी मिशी सरळ बसते. देवाची ती डावीकडे झुकलेली होती. पण कौतुक कुणाचं, तर देवाचं."

"म्हणून कापलीत?"

"मी कापली असती तर दोन्ही बाजू सारख्या कापल्या असत्या. अर्धं काम मी करत नाही."

सुट्टीभर तो समोरच्या इमारतीत नायिकेच्या पापण्या चिकटवत होता. नायिकेनं आणि तिच्या आईनंही तेच सांगितलं. पापणी डोळ्यात गेल्यामुळे तिला ती सगळी सुट्टी चांगलीच लक्षात होती.

संध्याकाळ झाली. ज्यांच्यावर संशय घ्यावा त्या दोघांना साक्षीदार होते. नव्हता तो एकट्या वेंडेलला.

४

कपडेपटात शर्ट परत करायला तो गेला तेव्हा तिथली बाई रेक्सच्या नावानं बोटं मोडत होती. कोटावर कॉफी सांडून ठेवली मेल्यानं. डाग निघेल, पण धुतल्यावर कोट पांढरा पडेल, आणि मग पुन्हा पिवळ्या रंगात बुडवून अगदी तीच छटा आणायची कुणी?

वेंडेल शर्टाची बटणं काढता काढता थांबला.

पांढरा पडेल.

त्यानं बाही दिव्याखाली धरली. निळी होती. असणारच. खरा पांढरा कपडा दिव्यांच्या झोतात कॅमेऱ्याचे डोळे दिपवतो, म्हणून कुणाचा निळ्यात, कुणाचा पिवळ्यात बुडवतात. काळ्यापांढऱ्या पडद्यावर सगळे पांढरेच दिसतात. हॅडॉक पडद्यावरच बघतात, त्यांना पांढरं दिसणार. पण त्या खोलीच्या दारातून माझी बाही बाहेर गेली असती तर ती निळी दिसली असती आणि रेक्सची पिवळी. खरी पांढरी बाही एकट्या फेरेंत्सची. ती कोपराच्या वर दुमडलेली आणि समोरच्या इमारतीत.

म्हणजे पांढरीशुभ्र बाही तिथे नव्हतीच.

वेंडेल बाकावर बसला. मग एकेक गोष्ट आपणहून समोर यायला लागली. झोपलेल्या माणसाची मिशी कापली तर केस पडतील कुठे? छातीवर, मांडीवर. ॲम्ब्रोजचा काळा मखमली कोट लख्ख होता आणि सगळे केस आरशाखालच्या टेबलावर, एका ढिगात. तसे केस पडतात ते आरशात वाकून स्वतः कापणाऱ्याचे.

ॲम्ब्रोज खोटं बोलला होता. चोर सोडून संन्याशाला सुळी द्यायचा बेत. वेंडेल रागानं उठला. हातात आलं होतं ते मोठंच होतं. उद्या मालकांपुढे एवढं बोललं की आपलं नाव धुतलं जाईल, टटल तोंडावर आपटेल आणि सिग्नलवाला आपला.

दारापर्यंत गेल्यावर त्याच्या मनात आलं की हे पांढऱ्या कपड्यांचं गुपित आपल्याला सांगितलं कुणी? या गावात आल्या आल्या, पहिल्याच आठवड्यात, ॲम्ब्रोजनंच. मग खोटं बोलताना त्याला एवढंही आठवू नये?

५

शुक्रवारी सकाळी तो ग्लेनडेलला ॲम्ब्रोजच्या घरी गेला. ओसरीवर पीचच्या झाडाची सावली होती. ॲम्ब्रोजची बायको डेला लिंबू पिळत होती. पूर्वी ती स्टुडिओत कधी यायची नाही. गेले काही महिने मात्र रोज नवऱ्याला गाडीतून आणायची, त्याच्याबरोबर जेवायची आणि परत न्यायची. नवरा मोठा झाल्यावर ही मिरवायला लागली, असं वेंडेल कँटीनमध्ये म्हणाला होता. कालच काय ती तिला दाताच्या डॉक्टरकडे जावं लागलं होतं. तिनं ग्लास पुढे केला, पण डोळे वर केले नाहीत.

ॲम्ब्रोजची अर्धी मिशी तशीच होती. त्यानं कॉफीत साखर घातली, ढवळली, आणि पुन्हा साखर घातली.

"माझ्या शर्टाचा रंग कोणता रे, ॲम्ब्रोज? इन्स्पेक्टरच्या?"

"पांढरा. ग्रूबरनं पडद्यावर दाखवलाय मला आतापर्यंतचा सगळा चित्रपट."

"निळा आहे. रेक्सचा पिवळा. पांढरं कॅमेऱ्याला सोसत नाही म्हणून रंगवतात. आपण दोघांनी आयुष्यभर निळे शर्ट पांढरे म्हणून घातलेत."

ॲम्ब्रोज त्याच्याकडे बघत राहिला. मग बायकोकडे वळला.

"असं करतात का गं?" त्यानं विचारलं.

नाटक नव्हतं ते. ॲम्ब्रोजचं नाटक वेंडेलला झोपेतही ओळखता आलं असतं. डेलानं हातातलं लिंबू खाली ठेवलं आणि एप्रनला हात पुसत राहिली.

वेंडेलला ग्रूबरच्या कचेरीतल्या तालमी आठवल्या. ते थांबणं. भिंतीवरून फिरणारी नजर, अर्धवट हलणारे ओठ. ज्या कलेवर तो रात्र रात्र जळला होता, ती कला नव्हती. माणूस खरोखरच शब्द शोधत होता. आणि मालकांपासून दरवानापर्यंत सगळे 'राजा' का झाले होते तेही कळलं. नावं राहत नव्हती.

"केव्हापासून?" त्यानं डेलाला विचारलं.

"नाताळपासून," ती म्हणाली. "आधी किल्ल्या. मग शेजाऱ्यांची नावं. आता चार पानं म्हणजे डोंगर."

ॲम्ब्रोज सावकाश बोलू लागला. सिग्नलवाल्याचं काम आयुष्यभर वाट पाहून मिळालं होतं आणि ते डोक्यात राहत नव्हतं. फळ्यावर लिहून समोर धरता आलं असतं, पण फळा दिसला की संध्याकाळपर्यंत गावभर झालं असतं, मग पुढचं काम कुणी दिलं असतं? आजारपण सांगितलं तर डॉक्टर पाठवतात. तेव्हा वाटलं, मिशीच गेली तर? कीव करण्यापेक्षा लोकांनी हळहळ केलेली बरी.

"दोन्ही बाजू कापणार होतो," तो म्हणाला. "डावी कापली आणि हात चालेना. टोलेडोपासूनची सोबत, राजा."

"माझं नाव वेंडेल आहे."

"ते आहे माझ्या लक्षात. तेवढं पक्कं आहे."

"आणि मला काढून टाकलं असतं तर? तोंड उघडलं असतंस?"

ॲम्ब्रोज बराच वेळ गप्प बसला. या वेळी तो विसरला नव्हता.

"बाही कुणाची तरी म्हणून सांगितली. ती तुझ्यावर येईल असं वाटलं नव्हतं. पण आल्यावर गप्प बसलो, हे खरं. मला तुझा हेवा वाटतो, वेंडेल. टोलेडोतली माझी उत्तरं अजून तुझ्या डोक्यात आहेत. या सिग्नलवाल्याची चार पानंही. वाक्यं माझी, आणि राहायला गेली तुझ्या घरी. म्हटलं, काम त्याला मिळणारच आहे, थोडा त्रासही मिळू दे."

इतक्या वर्षांत ॲम्ब्रोजला आपला हेवा वाटावा असं आपल्याकडे काही आहे, हे वेंडेलला माहीत नव्हतं. त्याला खरं तर मूठभर मांस चढायला हवं होतं. तसं काही झालं नाही. ज्याच्याशी जन्मभर शर्यत लावली, तो मध्येच रस्त्यात बसला होता.

"संध्याकाळी मालकांकडे ये," तो उठत म्हणाला. "मी बोलेन त्याला मान हलव. बाकी काही बोलू नकोस."

६

हॅडॉकच्या कचेरीत सगळे जमले. वेंडेलनं रेक्सला आणि फेरेंत्सला खिडकीजवळ उभं केलं, स्वतःही त्यांच्याशेजारी उभा राहिला आणि मालकांना नुसतं बघायला सांगितलं. पिवळा, पांढरा, निळा. हॅडॉकनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. ज्या कपड्यांचे पैसे ते वर्षानुवर्षं भरत होते, त्यांचे रंग ते पहिल्यांदाच बघत होते. मग वेंडेलनं टेबलावरच्या केसांची आणि स्वच्छ कोटाची गोष्ट सांगितली. बाहेरचा कोणी त्या खोलीत आलाच नाही, तो म्हणाला.

"मग कापली कुणी?"

ॲम्ब्रोज भिंतीशी बसला होता. डेला त्याच्या बाहीला धरून होती. 'याच्या लक्षात राहत नाही', एवढं एकच वाक्य वेंडेलला बोलायचं होतं. त्याला चार पानं पाठ होती, सिग्नलवाल्याची जागा रिकामी होती, आणि कॅमेरा नाकाशी येणार होता. इतकी इच्छा त्याला आयुष्यात कशाचीच झाली नव्हती.

पण हा असा पडला, तर आपण जळलो ते कुणावर? आपल्याला त्याला हरवायचं होतं. तो हरवून जायला नको होता.

"त्यानंच," वेंडेल म्हणाला. "कडा नीट करायला गेला, कात्री घसरली. एवढा मोठा नट, स्वतःची मिशी सांभाळता येत नाही म्हणून लोक हसतील, या लाजेनं बाही रचली. बाहीचा रंगही धड रचता आला नाही."

ॲम्ब्रोजनं मान हलवली. हॅडॉक आधी तांबडे झाले आणि मग इतके हसले की सिगार पडला. ग्रूबर मात्र हसला नाही. सिग्नलवाल्याच्या मिशीचं काय?

याचं उत्तर वेंडेलला सकाळी ग्लेनडेलहून परतताना ट्रॅममध्येच सुचलं होतं. त्यानं विचारलं की सिग्नलवाला गुन्हा कबूल करायला निघालाय, ज्या मिशीला पीळ देत गावात मिरवला ती घेऊन तो येईल का? घरी आरशापुढे उभा राहून तो ती उतरवूनच येईल.

ग्रूबर ॲम्ब्रोजजवळ गेला. चेहरा उन्हानं रापलेला, आणि मिशी होती तिथली डावीकडची कातडी कधीच ऊन न पाहिलेली, कोवळी, पांढरीफटक. तो बराच वेळ बघत राहिला. मग फेरेंत्सला म्हणाला की उरलेली काढा आणि त्या ओठाला पावडरचा कणही लावू नका.

"म्हणजे आता मिशी नसण्यातही देवाचंच कौतुक," फेरेंत्स म्हणाला.

शनिवारी प्रसंग घेतला. वेंडेलनं आपली खुर्ची थोडी पुढे सरकवून घेतली. दिवे लागले. त्याची पाठ कॅमेऱ्याकडे, तोंड ॲम्ब्रोजकडे, आणि त्याचे ओठ आवाज न करता एकेक वाक्य पुढे करत होते. ॲम्ब्रोज त्याच्या तोंडाकडे बघून बोलत होता. गुन्हेगार इन्स्पेक्टरकडे बघतो तसाच. उघडा ओठ थरथरत होता.

"दिवा मी हिरवा दाखवला, साहेब. याच हातानं."

आणि तो थांबला. शब्द गेले होते. त्यानं वेंडेलच्या ओठांकडे पाहिलं.

वेंडेलचे ओठ मिटलेले होते. मत्सरानं मिटले की कलेनं, हे पुढे त्याला कधीच ठरवता आलं नाही. समोरच्या डोळ्यांत भीती चढत गेली, मग पाणी, मग असं काहीतरी की कॅमेऱ्यामागचा माणूस श्वास घ्यायचा विसरला. तेव्हा कुठे वेंडेलनं ओठ हलवले.

"आता या हाताचं काय करू," ॲम्ब्रोज म्हणाला, "तेवढं सांगा."

७

पॅसाडेनाच्या थिएटरात चित्रपट पहिल्यांदा लोकांना दाखवला त्या संध्याकाळी स्टुडिओची माणसं मागच्या रांगेत बसली होती. ॲम्ब्रोज आणि वेंडेल शेजारी शेजारी, डेला पलीकडे. नवी मिशी अजून बोटभरही उगवली नव्हती, त्यामुळे येताना त्याला कुणी ओळखलं नव्हतं आणि वेंडेलला नेहमीप्रमाणे एकानं तिकीट तपासायला दिलं होतं.

सिग्नलवाला दारात आला तसं थिएटर गप्प झालं. वेंडेलला पडद्यावर स्वतःची मान दिसली, टक्कल दिसलं आणि एक पांढरा शर्ट. लोक पुढे सरकून बसले होते. पुढच्या रांगेतल्या एका बाईनं रुमाल काढला. वेंडेलच्या पोटात जुनं, ओळखीचं दुखायला लागलं. ती सगळी वाक्यं आधी त्याच्या ओठांवर झाली होती, आणि रडत होते सगळे त्या उघड्या ओठाकडे बघून. उद्या वर्तमानपत्रं त्या थांबण्यावर लिहितील. लिहू देत.

"दिवा मी हिरवा दाखवला, साहेब. याच हातानं."

पडद्यावरचा म्हातारा थांबला. अंधारात वेंडेलच्या बाहीला कुणीतरी ओढलं.

"वेंडेल," ॲम्ब्रोजनं अगदी हळू विचारलं, डोळे पडद्यावरच ठेवून, "हा आता पुढे काय म्हणतो रे?"

वेंडेल त्याच्या कानाशी वाकला. "आता या हाताचं काय करू," त्यानं सांगितलं.

पुढच्या रांगेतली बाई रागानं मागे वळली. "गप्प बसा हो," ती म्हणाली. "त्या माणसाचं ऐकू द्या."